अठरा इंची शेड

३ डिसेंबर १९७४, मंगळवार

दुकानदार विचारतो, "वहिनी, किती इंची देऊ?" — मला काय ठाऊक! बल्ब साठचा की शंभरचा, एवढंच आजवर कुणी विचारलं होतं. शेडलाही माप असतं हे आज नव्या पेठेत कळलं. त्याने आकड्याने वरून तीन शेडी काढून काउंटरवर मांडल्या. एक वाटीएवढी, एक परातीएवढी, एक दुधी काचेची, पोटाशी फुगलेली. "टेबल केवढं आहे?" मी दोन्ही हात पसरून दाखवलं. बाजूचं गिऱ्हाईक हसलं. काही न घेता टांग्यात बसले आणि घरापर्यंत स्वतःवरच चिडत आले.

टेबल माझ्या माढ्याच्या भावाने वास्तुशांतीला दिलं. सागवानी, वर सहा खुर्च्या. भावाला नको कसं म्हणणार? तर आता जेवणाची खोली म्हणजे मधोमध ते टेबल आणि वर छतातून लोंबणारा उघडा बल्ब. समोर बघावं तर डोळ्यांवर येतो, खाली बघावं तर ताटात आपल्याच डोक्याची सावली.

एरवी मी सहा महिने तशीच काढले असते. पण रविवारी आण्णा येतायत. माझे सासरे, सगळं वळसंग त्यांना आण्णा म्हणतं, मीही म्हणते. सासूबाई श्रावणात गेल्या. तेव्हापासून तिथे एकटेच. शेत बघणारा बिरप्पा मागे बाजाराला आला तेव्हा सांगून गेला — "आण्णा धड जेवत न्हाईत वैनी. भाकरी तशीच ऱ्हाती." हे तीनदा जाऊन आले, तेव्हा कुठे कबूल झाले. तेही कसं? "महिनाभर येतो. गड्ड्याची जत्रा बघतो. जमलं तर ऱ्हातो, न्हाई तर आपलं गाव बरं."

म्हणजे महिनाभराची मुदत आहे माझ्याकडे. सासूबाई काही मी परत आणू शकत नाही. पण आण्णांना पोटभर जेवू घालणं माझ्या हातात आहे. ते इथं दोन वेळा नीट जेवले तर राहतील. नाही जेवले तर परत जातील, आणि तिथे एकटे बसून काय होईल ते मला लिहवत नाही.

४ डिसेंबर, बुधवार

हे हायस्कुलात भूमिती शिकवतात, त्यामुळे आमच्या घरात साधं काही ठरत नाही. आज शाळेतून आले ते कर्कटक घेऊनच टेबलाशी बसले. कागदावर टेबल काढलं, बल्ब काढला, माणसाचं डोकं म्हणून एक गोल काढला, आणि गोलावरून रेषा. मी म्हटलं, "मला शेड हवीय, सिद्धता नको." ऐकतील तर शपथ. शेवटी उत्तर आलं — चौदा इंच.

शेजारच्या सोजरबाई म्हणाल्या, छे! त्यांच्या दिरांचा पुण्यात बंगला आहे. तिथे म्हणे खोलीची लांबी-रुंदी फुटांत मोजतात, दोन्हींची बेरीज करतात, तेवढे इंच शेड. आमची खोली बारा बाय दहा. म्हणजे बावीस. फुटांची बेरीज एकदम इंच कशी होते हे त्यांना विचारलं तर म्हणाल्या, "पुण्यात होते."

मग वायरमन येडू आला, स्वयंपाकघराचं बटण दुरुस्त करायला. त्याचा हिशेब तिसराच. "वैनी, बारकी शेड लावू नका, खोलीला कळा न्हाई येत. परातीवाणी बसवा, लई शोभा." मी विचारलं, उजेडाचं काय? "उजेड काय, बल्बाचा की."

हे बरीक खरं.

५ डिसेंबर

चौदा, बावीस की परात. भाजीत मीठ दोनदा पडलं.

६ डिसेंबर, शुक्रवार

घेतली एकदाची. ह्यांची चौदा इंची. पत्र्याची, बाहेरून हिरवी, आतून पांढरी. नवऱ्याचं ऐकलं म्हणजे चुकलं तरी बोलणी नवऱ्याला!

येडूने लावून दिली. टेबलाच्या मधोमध उजेडाचं गोल रिंगण पडतं. आमटीचं पातेलं झक्क दिसतं. खुर्चीसमोरचं ताट मात्र अर्धं रिंगणात, अर्धं बाहेर. हे म्हणाले, ताटं आत सरकवायची. म्हणजे जेवणाराने टेबलावर आडवं व्हायचं का?

आण्णांना उजेडाचं किती असतं ते ह्यांना आठवत नाही का? लग्नानंतरच्या पहिल्या दिवाळीत वळसंगला पंगत बसली होती, वारं सुटलं आणि कंदील विझला. मी नवी सून, वाढत होते. अंधारात सगळे एकदम गप. कुणी हलेना. मला वाटलं काय झालं! आण्णांच्या घरात रीत अशी की जेवताना दिवा गेला तर डावा हात ताटावर ठेवायचा, तोंड मिटायचं. घास नाही, शब्द नाही. वाढणारीने जाऊन दिवा आणायचा. दिवा आला की पुढचा घास. ह्यांनी लहानपणी एकदा अंधारात लाडू खाल्ला होता, तर आण्णांनी दोन दिवस पंगतीत घेतलं नव्हतं म्हणे. असा माणूस येतोय, आणि मी त्यांच्यापुढे अर्ध्या ताटावर उजेड ठेवणार.

८ डिसेंबर, रविवार

आण्णा आले. केवढे वाळले आहेत! कपाळावर विभूती, गळ्यात लिंग, फेटा तोच, पण मान आत गेलीय. मी पाया पडले तर डोक्यावर हात ठेवायला त्यांना वेळ लागला. म्हणाले, "बरी हाईस न्हवं यव्वा?" मला रडूच आलं. सासूबाई अशीच हाक मारायच्या.

घरात आले ते थेट टेबलावर आपटले. "हे काय मदीच?" म्हटलं, टेबल आण्णा, जेवायचं. मग त्यांनी कडेकडेने हात फिरवत पूर्ण टेबलाला फेरी मारली. खुर्च्यासुद्धा सोडल्या नाहीत. "लाकूड चांगलं हाय," म्हणाले. भावाला कळवायला हवं.

रात्री पहिलं जेवण. ज्वारीची भाकरी, वांग्याची भाजी, आमटी, शेंगाची चटणी, दही. टेबलावर जसं करतात तसंच केलं — सगळी भांडी मधोमध, समोर रिकाम्या प्लेटा, ज्याने त्याने घ्यायचं. मलाही आण्णांनीच बसवलं. "मागनं एकटी कशाला जेवतीस? बस." आजवर त्यांच्यासमोर मी पंगतीला बसले नव्हते. बरं वाटलं.

माझ्या लेकीला, महानंदाला, त्यांनी दिव्याची रीत सांगितली. ती दहा वर्षांची, तिला मजा वाटली. "आणि हसू आलं तर आज्जा?" "तर हातानं तोंड दाबायचं."

पण जेवले नाहीत. भाकरीचा तुकडा घेऊन बसून राहिले. आमटी घ्यायला गेले तर हात दह्यात. थोड्या वेळाने म्हणाले, "हितं उजेड न्हाई पोरी. बेळक इल्ल." कानडीत एकदा आणि मराठीत एकदा. म्हणजे मनापासून.

मी ह्यांच्याकडे बघितलं. हे छताकडे बघत होते.

९ डिसेंबर

दुपारी अंगणात, उन्हात बसून दीड भाकरी खाल्ली! लिंबाच्या झाडाखाली पाट टाकून दिला होता. काही तक्रार नाही. संध्याकाळी त्याच खोलीत, त्याच टेबलाशी पुन्हा तेच. उजेड न्हाई.

म्हणजे दोष दिव्याचाच. शेड बारकी पडली. सोजरबाईंचं पुणं खरं म्हणायचं.

१२ डिसेंबर, गुरुवार

चौदा इंची परत केली. दुकानदार कुरकुरला पण घेतली. बावीसची त्याच्याकडे नाहीच. चोवीस दिली. येडू खूश.

ती लावली आणि खोली लहान झाली. खरंच सांगते, भिंती जवळ आल्या. हे उठले की कपाळाला लागते, मग ती झोके घेते आणि सगळ्यांच्या सावल्या भिंतीवर नाचतात. महानंदाला तर खेळच मिळालाय. वर शंभरचा बल्ब घातला. आता मिठाचा कण न् कण दिसतो.

आण्णा बसले. त्यांनी प्लेटीवर हात फिरवला. भाजीत बोटं गेली, तेव्हा कळलं भाजी आहे असं तोंड झालं. "उजेड कुटं हाय पोरी?" म्हणाले.

कुटं हाय! शंभर पॉवर डोक्यावर जळतोय!

१४ डिसेंबर

आण्णा ताट धुऊन ते पाणी पिणारे. अन्नाचा कण टाकायचा नाही, प्रसाद आहे, असं म्हणत जन्म गेला त्यांचा. आज त्यांच्या प्लेटीच्या वरच्या कडेला वांग्याची भाजी तशीच राहिलेली. न खाता! मी ती उचलली आणि मोरीत उभी राहून रडले. माझ्या हातची भाजी सोडून उठले. सासूबाईंची असती तर सोडली असती?

ह्यांना सांगितलं. हे म्हणतात, भाजीचा प्रश्न नाही, उजेडाचाही नाही. "आण्णांना खुर्चीत बसून जेवायचंच नाही. तोंडाने सांगत नाहीत, म्हणून दिव्यावर घालतात."

असेल का असं? मग दुपारी उन्हात छान जेवतात ते? — तिथे पाट असतो. बरोबर. पाट असतो!

सगळं डोकं परत पहिल्यापासून लावायचं.

१६ डिसेंबर, सोमवार

टेबल भिंतीला लावलं. चौघांनी मिळून. खुर्च्या वर पालथ्या. जमिनीवर पाट मांडले, जुनी पितळी ताटं काढली. आणि मी उभी राहून वाढलं, रीतीप्रमाणे — मीठ, चटणी, दही डावीकडे, भाजी उजवीकडे, मधे भाकरी, आमटीची वाटी उजव्या अंगाला.

आण्णा दोन भाकऱ्या जेवले! ताट धुऊन प्यायले. "आज बरं वाटलं," म्हणाले.

म्हणजे हे जिंकले. आता महिनाभर तरी हे घरात ताठ मानेने फिरणार.

१७ डिसेंबर

एक नवीनच. शेड टेबलाच्या मापाने लोंबतेय, आणि टेबल तिथे नाही. खोलीच्या मधोमध चोवीस इंची परात हवेत, माझ्या नाकासमोर. वाढायला वाकून जावं लागतं. येडूला बोलावलं, म्हटलं वर घे. तो म्हणाला, "खाली बसून जेवताय तर खालीच घ्यायला पायजे की वैनी, उजेड ताटात पडंल." खाली घेतली तर चालणार कुठून? वर घेतली तर आण्णांना उजेड कसा पुरणार? येडू शिडीवर चढून बसला आणि मी खाली विचार करत. अर्धा तास. शेवटी त्यानेच विचारलं, "उतरू का?"

काही ठरलं नाही. आहे तशीच आहे.

२१ डिसेंबर, शनिवार

पाटावर रोज नीट जेवतायत. गालावर जरा रंग आलाय. महानंदाच्या खांद्यावर हात ठेवल्याशिवाय पाऊल टाकत नाहीत. देवळात, कोपऱ्यावरच्या न्हाव्याकडे, मागच्या दाराशीसुद्धा. ती शाळेत गेली की बसून राहतात, ती आली की उठतात. किती जीव नातीवर! मला वाटतं राहतील.

२५ डिसेंबर, बुधवार

भावाचा निरोप आला. भोगीला येतोय, बहिणीच्या हातची भाजी खायला. "आणि टेबल कसं शोभतं ते बघायला."

टेबल भिंतीला, त्यावर खुर्च्या पालथ्या, खुर्च्यांवर धुणं वाळतंय.

हे म्हणाले, दोन दिवसांचा प्रश्न आहे, आण्णा समजून घेतील. मी विचारलं आण्णांना. ते म्हणाले, "त्याचं मन कशाला मोडायचं? मांडा की टेबल. बसतो मी." किती मोठा माणूस! मग मीच ठरवलं, आजपासूनच मांडू. सवय होईल तोवर.

२६ डिसेंबर

टेबल मधे. भांडी मधे. प्लेटा. आण्णा अर्धी भाकरी खाऊन उठले.

२७ डिसेंबर

पाव भाकरी.

२८ डिसेंबर, शनिवार

मला काही कळत नाही. लिहून बघते, कळलं तर. खोली तीच. बल्ब तोच. शेड तीच. स्वयंपाक तोच, करणारी मीच. पाटावर बसले की दोन भाकऱ्या, खुर्चीत बसले की पाव. हे म्हणतात टेबलाचा राग. पण रागावणारा माणूस काल स्वतः म्हणाला की लाकूड चांगलं आहे, आणि हाताने कडा पुसत होता. राग असता तर मला कळला असता. एकोणीस वर्षं बघतेय त्यांना, त्यांना राग आला की साऱ्या घराला कळतो. हा राग नाही. ते ओशाळल्यासारखे दिसतात. ओशाळायचं कशाला? माझ्या घरी?

मग उजेडच. पाटावर बसलं की डोक्यावर शेड उंच असते, उजेड पसरतो. टेबलाशी बसलं की शेड कपाळाशी, उजेड डोळ्यांत. म्हणजे मोठी शेड टेबलाला मोठी, आणि लहान शेड लहान. मधली हवी.

आता मधली म्हणजे किती इंच?

२ जानेवारी १९७५, गुरुवार

आज मी बोलू नये ते बोलले.

दुकानात गेले होते. अठराची पत्र्यात नाही, दुधी काचेची आहे, उद्या मिळेल. दुकानदाराने तोंड वाकडं केलं, "वहिनी, ही तिसरी." दमून घरी आले, स्वयंपाक केला, आणि रात्री आण्णा परत — "उजेड न्हाई गं." माझा तोल गेला. "मग तुम्हीच सांगा आण्णा, किती इंची आणू! चौदा झाली, चोवीस झाली, सूर्य टांगू का छताला?"

हे ओरडले माझ्यावर. महानंदा रडायला लागली. आण्णांनी प्लेट पुढे सारली. मग हळू म्हणाले, "तू दमू नगं. कितीबी इंची आण, चालंल. एकच कर. माझं ताट वाढून देत जा. आपल्या रीतीनं. मीठ-चटणी डावीकडं, भाजी उजवीकडं. सोनाबाई द्यायची तसं. हातानं घ्यायचं मला न्हाई जमत."

सोनाबाई म्हणजे सासूबाई. गेल्यापासून पहिल्यांदा त्यांचं नाव घेतलं आज. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. एवढं साधं मागणं, आणि मी टेबलाची रीत सांभाळत बसले.

३ जानेवारी

अठरा इंची आली. दुधी काच, गोल, खाली पितळेची कडी. लावल्यावर खोली एकदम शांत दिसली. डोळ्यांवर काही येत नाही, भिंतींवर सावल्या नाहीत, ताटापासून ताटापर्यंत सारखा उजेड. येडूसुद्धा शिडीवरून उतरून दोन मिनिटं बघत राहिला. "ही बसली बगा," म्हणाला.

आण्णांचं ताट वाढून दिलं. पितळी, जुनं. टेबलावरच.

एक अख्खी भाकरी आणि वर कोर! "कसा आहे उजेड?" मी भीत भीत विचारलं. "छान पडलाय की," म्हणाले. मान वर करून बघितलंसुद्धा नाही. पण म्हणाले!

६ जानेवारी

दीड भाकरी. हे म्हणतात, चौदा आणि बावीस ह्यांची सरासरी अठरा, म्हणजे त्यांचं गणित अर्धं तरी बरोबर. हसले मी. खूप दिवसांनी.

९ जानेवारी, गुरुवार

सोजरबाई येऊन शेड बघून गेल्या. "बावीस हवी होती," म्हणाल्या. म्हटलं, आमच्या आण्णांना अठरा लागते.

खरं तर आता मला वाटतं, माप खोलीचं नाही घ्यायचं आणि टेबलाचंही नाही. जेवणाऱ्याचं घ्यायचं. हे मी दुकानदाराला सांगणार आहे.

१३ जानेवारी, सोमवार

भोगी. भाऊ आला. तिळाची भाकरी, भोगीची भाजी, लोणी. सगळ्यांचीच ताटं वाढून दिली, पंगतीसारखी, पण टेबलावर. भाऊ टेबल बघून खूश, शेड बघून जास्त खूश. "आक्का, केवढ्याची गं?" म्हटलं, ते विचारू नकोस, डोकं किती शिणलं ते विचार.

जेवण झाल्यावर, भावासमोर, आण्णा ह्यांना म्हणाले — "शिवलिंगा, बिरप्पाला सांग, घराची किल्ली त्यानंच ठिवावी. ऱ्हातो मी हितं." हे नुसतं हं म्हणाले. मी स्वयंपाकघरात जाऊन देवापुढे साखर ठेवली.

आण्णा राहणार! महिन्याची मुदत उलटून पाच दिवस झालेच होते.

अठरा इंच. पहिल्याच दिवशी कुणी सांगितलं असतं तर!

१५ जानेवारी, बुधवार

काल गड्ड्याच्या जत्रेला, होम मैदानावर जाऊन आलो. नंदीध्वजांची मिरवणूक निघाली तेव्हा आण्णांना पुढे उभं केलं. त्यांनी हात जोडले, डोळ्यांतून पाणी. महानंदा त्यांना सांगत होती, आता पहिला आला, आता दुसरा वळला, आज्जा. ते नुसती मान हलवत होते. गर्दीत इतका वेळ तिचा हात सोडला नाही.

१७ जानेवारी, शुक्रवार

जेवताना लाईट गेली. मिट्ट काळोख. सगळी कॉलनी गड्ड्यावर, बाहेर कुणाचा आवाज नाही. आम्ही तिघांनी आपापल्या ताटावर हात ठेवला आणि तोंड मिटलं.

अंधारात भाकरी मोडल्याचा आवाज आला. मग आमटीचा भुरका. मग परत भाकरी.

मग आण्णा म्हणाले, "का गं? सगळी गप का झालात? भाकरी आण की."

त्यांना दिवा गेल्याचं कळलंच नव्हतं.

कंदील आणायचं काम वाढणारीचं. मी उठले, चाचपडत आत गेले आणि कंदील न आणता भाकरी आणली. "घ्या आण्णा," म्हटलं. महानंदाचा हात तिच्या ताटावरून मी उचलला आणि तिला घास दिला. मग ह्यांनीही भाकरी मोडली. आण्णांना चटणी वाढली, डावीकडे, मिठाच्या खाली. जेवण होईपर्यंत कुणी दिवा लावला नाही.